चौरंगावरचा हात

आमच्या पुंडलिकनगरच्या घरात जिन्याखाली पाण्याचा हौद आहे. जमिनीतला, वर लोखंडी झाकण. नळाला पाणी येईल त्या दिवशी तो भरतो, आणि पुढचं पाणी कधी येईल हे कुणालाच ठाऊक नसल्यामुळं तो रिकामा होईपर्यंत घरातली माणसं त्याच्याशी आदबीनं वागतात. मी त्याच्यापासून चार हात लांबूनच जात आले. भुताखेतांवर माझा विश्वास नाही. पण दुपारी, पंप बंद असताना, गल्लीत चिटपाखरू नसताना त्या झाकणाखालून पोहरा पाण्यावर आपटल्यासारखा आवाज येतो, यावर विश्वास ठेवावाच लागतो, कारण तो येतो. प्लंबर म्हणाला, पाइपात हवा अडकते. मी त्याला चहा पाजला आणि बरं म्हटलं.

हा आवाज आमच्या घरात आत्यानं आणला.

आत्या म्हणजे आबांची, माझ्या वडिलांची, धाकटी बहीण. आमचं मूळ गाव पिशोरच्या अलीकडं. आम्ही मेंढरांमागची माणसं. आबा शिकले आणि चिकलठाण्याच्या एका कारखान्यात लागले. आत्या मात्र गावातल्या गावात दिलेली. तिचा नवरा लवकर गेला, आणि ती नि तिची एकुलती लेक वाड्यावर मेंढरं राखून राहिल्या. वाडा म्हणजे चौक, झोपाळा वगैरे डोळ्यांपुढं आणू नका. मेंढरं बसवायची मोकळी जागा आणि तिच्याभोवतीच्या पाच-दहा झोपड्या, याला आमच्यात वाडा म्हणतात. तो गावाबाहेरच असतो.

मी सांगतेय ती लागोपाठच्या दुष्काळांची वर्षं. गावं सुकत होती आणि आमचं शहर फुगत होतं. चिकलठाण्याच्या पुढं जालना रोडच्या दोन्ही बाजूंना शेतांत प्लॉट पाडलेले, चुन्याच्या रेघा आणि कोपऱ्याकोपऱ्याला रंगीत झेंडे. इथं पाणी कुठून येणार असं विचारलं की विकणारा नकाशावरच्या बागेकडं बोट दाखवायचा. त्या बागेत कारंजंसुद्धा काढलेलं असायचं. माणसाच्या निर्लज्जपणाचं मला तेव्हा हसू यायचं, आता येत नाही.

त्या उन्हाळ्यात आत्याची लेक विहिरीत पडून गेली. शाळेत जाणारी पोर. हसताना ओढणीचं टोक दातांत धरायची. एकदा आमच्याकडं आली होती तेव्हा गच्चीवरून उतरतं विमान पाहून म्हणाली, "एवढ्या खालून? मेंढरं बुजत्याल की!" आम्ही सगळे हसलो, तर तीच जास्त हसली. पाय घसरून पडली असं गावानं सांगितलं, आबांनी सांगितलं, आणि आम्ही रडून घेतलं. दुष्काळी चारा छावणीत गुरांना घेत, मेंढरांना घेत नसत. आत्यानं चारा नाही म्हणून मेंढरं देऊन टाकली. मग आबा तिला आमच्याकडं घेऊन आले. आई जाऊन बरीच वर्षं झाली होती, घरात आम्ही दोघंच होतो.

आत्या आली ती एक घोंगडी, एक गाठोडं आणि विहिरीचा दोर घेऊन. शहरात दोर कशाला, असं मी विचारलं नाही. तिनं तो जिन्याखाली खिळ्याला लावला आणि तिथंच, हौदाजवळ, दुपारची पडायला लागली. हौदात नळाची धार पडायला लागली की ताडकन उठायची, झाकण बाजूला करायची आणि आत बघत बसायची. पहिल्यांदा मी घाबरले. मग रागावले. मला भीती वाटली की राग येतो, हा माझा जुना स्वभाव आहे.

"काय बघतीस आत्या त्यात?"

"बघत नाय. ऐकतीया."

"काय?"

"ती म्हंती, आये, वढ."

त्या दिवशी हौद भरेपर्यंत मी तिच्याजवळ बसले, आणि धारेच्या आवाजात तिनं मला सगळं सांगितलं. बहुतेक त्या आवाजामुळंच सांगू शकली असावी.

"पाय नाय घसरला बाय. टँकर इहिरीत रिकामा करायचे. टँकरवाल्यानं गाडी मागं घेतली अन् एका अंगाचा कठडा पाडला. ती पडकी बाजू आमाला दिली. म्हणं, तुमी वाड्यावरचे माणसाचं पाणी मेंढराला पाजिता, तुमी तिकडून शेंदा. कठड्याकडं गाव अन् पडक्या अंगाला आमी. रोज. त्या दिशी टँकर सुटला, बाया तुटून पडल्या, रेटारेटी झाली. माजी लेक काठावर. तिच्या हातात पोहरा, दोराचं टोक माज्या हातात. गेली ती दोरासकट गेली. तिला वर काढली तवा दोर बी आला, त्यो ह्योच."

तिनं दोन्ही तळवे माझ्यासमोर धरले. बोटांच्या बुडाशी आडवे, गुळगुळीत वळ होते, भाजल्यासारखे. दोर त्या हातांतून सरकत गेला होता.

"मग पोलिसांना का नाही सांगितलं हे?"

"पोलिस आले तवा समद्यांनी तुज्या बापाला म्होरं केलं, शिकलेला म्हणून. तुजा बाप म्हनला, पाय घसरला." ती हे भांडणाच्या सुरात बोलली नाही. भावाबद्दल ती वाईट बोलतच नसे. "मला येवढंच पायजे, पोरी. गावाम्होरं एकदा सांगायचंय, कशी गेली ते. देवाच्या मनात व्हतं म्हंत्यात. देवानं नाय पाडला कठडा."

संध्याकाळी आबा पाळीवरून आले, तेव्हा मी त्यांना चहाही न देता विचारलं. ते बुटाची नाडी सोडत होते. सोडलेली नाडी त्यांनी पुन्हा बांधली.

"खरं सांगितलं असतं तर चौकशी लागली असती," ते म्हणाले. "टँकर बंद पडला असता. नाही पडला तर गावानं वाड्याला विहिरीवर पाय ठेवू दिला नसता. गेलेली पोर काही येणार नव्हती. राहिलेल्या लेकरांनी काय प्यायचं होतं?"

मी खूप बोलले. आवाज चढवून बोलले. पण त्यांच्या प्रश्नाला त्यात उत्तर नव्हतं, हे मला बोलतानाच कळत होतं आणि त्यामुळं आवाज आणखी चढत होता. आबा पुन्हा बाहेर निघून गेले. आत्या आतून म्हणाली, "त्याला जेवू तरी द्यायचं."

आता नाटकाचं सांगते, कारण पुढचं सगळं त्या नाटकामुळं झालं.

आबांना नाटकाचं वेड होतं. कारखान्यातल्या कामगारांचं एक नाट्यमंडळ होतं. त्यात फिटर, स्टोअरकीपर, गेटवरचे वॉचमन आणि कारखान्याच्या दवाखान्यातली एक नर्स, अशी सगळी हौशी माणसं. दिग्दर्शक मात्र बाहेरचे, रेल्वेतून निवृत्त झालेले एक म्हातारे गृहस्थ. त्यांना सगळे काका म्हणत. काका ज्यू होते. कोकणातले, पिढ्यान्‌पिढ्या मराठी बोलणारे. त्यांचं मराठी आमच्यापेक्षा चांगलं, आणि आमच्या 'लई'ला ते दर वेळी हसत. मंडळात मी प्रॉम्प्टर होते. पडद्यामागं स्टुलावर बसायचं आणि कुणी अडखळलं की पुढचा शब्द हळूच सोडायचा. हे काम मला आवडायचं. सगळ्यांची वाक्यं पाठ, आणि एकही आपलं नाही.

काका धार्मिक होते, पण त्यांच्या धर्माची एक अडचण होती. त्यांच्याकडं शनिवारी देवळात धर्मग्रंथाचं वाचन होतं, त्याला निदान दहा ज्यू पुरुष लागतात. आमच्या शहरात त्यांना दहा कधी जमलेच नाहीत. बदली होऊन इथं आले तेव्हापासून काका घरात एकटेच प्रार्थना म्हणत. वाचन ऐकायला मिळत नाही याची त्यांना खंत होती, आणि ती लपवायला ते विनोद करायचे.

त्या वर्षी त्यांनी स्वतः एक नाटक लिहिलं. दूरच्या थंड मुलखातली एक गरीब ज्यू वस्ती. राजाला सैन्यासाठी पोरं हवीत. वस्तीतून किती पोरं द्यायची ते ठरलेलं, कोणती द्यायची ते वस्तीच्या पंचांनी ठरवायचं. पंच एका विधवेचा मुलगा देतात, कारण तिच्या बाजूनं बोलणारं कुणी नाही. नाही म्हटलं तर राजाचे शिपाई सगळी वस्ती जाळतील, अशी त्यांना भीती. भीती खोटी नसते, नाटकातली सगळ्यात अवघड गोष्ट तीच होती. आणि मग शनिवारच्या वाचनाला ती विधवा बायकांच्या सज्ज्यातून खाली पुरुषांत येते आणि वाचनाच्या मेजावर हात ठेवते.

"ही माझ्या मनची गोष्ट नाही," काकांनी पहिल्याच तालमीला सांगितलं. "त्या मुलखातल्या आमच्या लोकांत ही रीत होती. ज्याच्यावर अन्याय झाला, ज्याचं कुणी ऐकत नाही, त्यानं भर देवळात वाचन थांबवायचं. त्याचं म्हणणं ऐकून घेतल्याशिवाय वाचन पुढं जात नसे. देवसुद्धा थांबायचा."

मेजावर हात कसा ठेवायचा, हे काकांनी नर्सला घोटून घोटून शिकवलं. ग्रंथ कातड्याच्या गुंडाळीवर लिहिलेला, त्या कातड्याला बोट लावायचं नाही, हात मेजाच्या कडेवर ठेवायचा. आदळायचा नाही, नुसता ठेवायचा आणि उचलायचा नाही. ग्रंथाची गुंडाळी आम्ही कारखान्यातल्या पॅकिंगच्या खाकी कागदाची केली होती, तरी काका ती उचलताना डोक्यावर टोपी आहे ना ते चाचपून बघत. पुरुष पात्रं नऊ होती. दहावे काका स्वतः, मागच्या बाकावर, एकही वाक्य नसलेले. दहा जमले की ते उगाच सगळ्यांकडं बघून हसायचे. त्यांना नक्की काय वाटत असेल ते मला तेव्हा कळलं नाही. आता कळतं.

मुख्य पंचाचं काम आबांना दिलं होतं. विधवेनं हात ठेवला की मोठी शांतता, आणि मग पंचाचं वाक्य: "वाचन थांबलंय. बोल बाई, आम्ही ऐकतोय." सगळं नाटक या वाक्यासाठी लिहिलेलं. आणि नेमकं तेच आबांना जमेना. ते विसरत नव्हते, त्यांना म्हणताच येत नव्हतं. कधी मोठ्यानं म्हणत, कधी रडवेलं. काका थांबवायचे.

"तुम्ही तिला परवानगी दिल्यासारखं म्हणताय. परवानगी तुमच्या हातात नाही. ऐकणं तुम्हाला भाग आहे."

"पुन्हा घेतो," आबा म्हणायचे.

तालमी आमच्याच गल्लीच्या टोकाच्या हॉलमध्ये होत. घरी हौदाजवळ एकटी बसण्यापेक्षा बरं, म्हणून मी आत्याला घेऊन जायला लागले. ती भिंतीशी बसायची, पदर डोक्यावरून ओढून. आधी तिला काही कळत नसावं असं मी समजत होते. मग एके दिवशी नर्सनं हात ठेवला तेव्हा मला आत्याचा हात दिसला. मांडीवरून उचलून तिनं तो समोरच्या सतरंजीवर ठेवला होता, अलगद, पंजा पसरून. दुसऱ्या दिवशीही तेच. नर्स हात उचलेपर्यंत ती उचलायची नाही.

मध्यंतरात एकदा ती काकांपुढं जाऊन उभी राहिली. परक्या पुरुषाशी आपण होऊन बोलताना मी तिला कधी पाहिलं नव्हतं.

"काका, ही रीत खरी हाय का नाटकातली हाय?"

"खरी आहे बाई."

"वाचन थांबिवल्यावर देव रागवत नाय?"

"त्याला थांबायची सवय आहे," काका म्हणाले. "माणसांना नाही."

आत्यानं मान हलवली आणि पुन्हा भिंतीशी जाऊन बसली. काकांनी खरंच सांगितलं होतं. ती रीत त्यांच्या लोकांची, त्या दूरच्या मुलखातली, हे त्यांनी वेगळं सांगितलं नाही, कारण सगळ्यांना ते ठाऊकच होतं. आत्याला नव्हतं. पुढं ग्रंथ आणि भोवती माणसं असली की जगात सगळीकडं हीच रीत असणार, आपल्यालाच आजवर कुणी सांगितली नाही, असं ती धरून चालली. तिच्या आयुष्यात बऱ्याच गोष्टी तिला अशाच उशिरा कळल्या होत्या, त्यामुळं यात तिला काही नवल वाटलं नसावं.

नाटकाचा प्रयोग झाला. कामगारांच्या स्पर्धेत आबांना अभिनयाचं प्रमाणपत्र मिळालं. त्या एका वाक्यातल्या संयमाचं परीक्षकांनी कौतुक केलं. मला पडद्यामागं स्टुलावर बसल्याबसल्या संताप आला होता. बहिणीसमोर त्यांना जे म्हणता येत नाही ते पाचशे खुर्च्यांसमोर कसं म्हणता येतं, असं मला वाटलं. घरी येताना रिक्षात आत्या म्हणाली, "दादा, चांगलं म्हनलास."

दुसऱ्या वर्षीचा श्रावणही कोरडा गेला. ढग यायचे, विमानतळावरून सरकत जायचे, आणि संध्याकाळी ऊन पडायचं. गावात श्रावणाची पोथी लागली होती. रोज दुपारी मारुतीच्या देवळात एक अध्याय. समाप्तीला या, असा आबांना निरोप आला. शहरात नोकरी, नाटकाचं प्रमाणपत्र, गावात त्यांना मान होता. आत्या म्हणाली, "मी बी येते." लेक गेल्यापासून तिनं गावाचं नाव काढलं नव्हतं. आबांना बरं वाटलं, मलाही. मला वाटलं, ती सावरतेय.

एसटीतून उतरून आम्ही विहिरीवरून गेलो. कठडा तसाच पडका होता. पडक्या बाजूला कुणीतरी बाभळीचं काटेरी फांदाट टाकलं होतं. आत्यानं मान वळवली नाही. आबांनीही नाही. मी बघितलं, आणि अजून बघतेच आहे.

सभामंडप भरला होता. पुढं पुरुष, मागं आणि पायरीपर्यंत बायका. वाड्यावरच्या बाया पायरीच्याही खाली, लिंबाच्या सावलीला. चौरंगावर लाल फडक्यात पोथी, आणि वाचणारे गावातलेच एक म्हातारे, चष्म्याची काडी सुतळीनं बांधलेली. त्यांचा आवाज मात्र गोड होता. आबांना पुढं बसवलं. मी आणि आत्या मागं, एका कडेला बसलो. समाप्तीचा अध्याय सुरू झाला, लोकांनी हात जोडले, आणि माझ्या शेजारून आत्या उठली.

ती सावकाश चालत गेली. पुरुषांमधून, कुणाला धक्का न लावता. पदर डोक्यावर. चौरंगापाशी जाऊन तिनं उजवा हात चौरंगाच्या कडेवर ठेवला. पोथीला बोट लागू दिलं नाही. आदळला नाही, नुसता ठेवला. अगदी तसाच.

वाचणाऱ्या बाबांनी ओवी अर्धी सोडली आणि चष्म्यावरून बघितलं. "काय गं?"

आत्या वाट बघत होती. रीतीप्रमाणं आधी कुणीतरी म्हणायला हवं होतं. पण ती रीत त्या मंडपात कुणालाच माहीत नव्हती, आणि भर पोथीत एखादी बाई अशी उठून पुढं आली तर गावाला एकच गोष्ट ठाऊक होती. कुणीतरी पुटपुटलं, "अंगात आलं." लगेच मागच्या दोघी म्हाताऱ्या हळदी-कुंकवाचं ताट घेऊन आल्या. दोघींनी आत्याच्या पाया पडायला वाकून विचारलं, "कोण हाईस माय? काय मागतीस?" ज्या बायांनी तिला पडक्या बाजूला उभं केलं होतं, त्यांतलीच या दोघींपैकी एक होती.

आत्यानं डाव्या हातानं ताट हळूच मागं सारलं.

"माज्या अंगात कोन बी नाय," ती म्हणाली. "मीच हाय."

हे ऐकल्यावर मंडपाचा नूर पालटला. देव असता तर ऐकला असता. नुसती बाई आहे म्हटल्यावर आवाज उठले. हात काढ, पोथी मोडती, समाप्तीचा दिवस हाय, भरून आलेलं आभाळ जाईल. एकजण तर उठून तिच्या दंडाला धरायला निघाला. आत्याचा पंजा चौरंगावर तसाच होता. तिनं गावाकडं बघितलंच नाही. तिनं पहिल्या रांगेत बसलेल्या भावाकडं बघितलं, आणि ती अगदी साध्या आवाजात, घरात मीठ मागावं तसं म्हणाली,

"दादा, तुजं वाक्य हाय."

मी प्रॉम्प्टर. ते वाक्य माझ्या जिभेवर आलं होतं, ओठ हललेसुद्धा. पण ते सोडायचं काम माझ्या आधी तिनं केलं होतं, आणि आबा ते विसरलेले नव्हतेच. त्यांचा चेहरा मी बाजूनं पाहत होते. रंगमंचावर असताना ते छाती पुढं काढून श्वास घ्यायचे. इथं त्यांनी श्वास घेतला नाही. ते उठले, गुडघ्यावर हात टेकून, म्हाताऱ्यासारखे, आणि त्या दंड धरणाऱ्या माणसाचा हात त्यांनी बाजूला केला.

"वाचन थांबलंय," आबा म्हणाले. आवाज इतका खाली की मागच्यांना ऐकूही गेला नसेल. "बोल बाई. आम्ही ऐकतोय."

आत्या बोलली. लांबवलं नाही. टँकरनं कठडा कसा पडला, पडकी बाजू कुणाला दिली, का दिली, लेक कुठं उभी होती, दोर कुठून गेला. कुणाला नाव घेऊन दोष दिला नाही. एकच नाव घेतलं, लेकीचं, ते मात्र मोठ्यानं घेतलं. वर्षभरात त्या गावात ते कुणी उच्चारलं नव्हतं. ते नाव मी इथं लिहिणार नाही. ज्यांनी ऐकायचं होतं त्यांनी ऐकलं.

तिचं झालं तेव्हा आबा अजून उभेच होते. नाटकात त्यांना यापुढं वाक्य नव्हतं.

"पाय घसरला नव्हता," ते म्हणाले. "पोलिसांना मी खोटं सांगितलं."

पायरीखाली, लिंबाच्या सावलीला, वाड्यावरची एक बाई हुंदका देऊन रडायला लागली, आणि मग दुसरी. पुढं बसलेल्यांपैकी कुणी रडलं नाही, कुणी भांडलंही नाही. आत्यानं चौरंगावरचा हात उचलला. चौरंगाच्या कडेवर काही खूण राहिली नाही. मी बघितलं होतं.

"आता वाचा," ती म्हणाली.

बाबांना ओवी सापडेना. चष्मा काढून धोतराच्या सोग्यानं पुसला, पुन्हा लावला, बोट फिरवलं. शेवटी त्यांनी अध्याय पहिल्यापासून सुरू केला. त्यांचा आवाज दोनदा फुटला. पाऊस त्या दिवशी आला नाही, दुसऱ्या दिवशीही नाही, आणि काही लोकांनी त्याचा दोष आत्याच्या नावावर मांडला.

कठडा मात्र बांधला गेला. कुणी ठरवलं, कुणी विटा आणल्या, याची चर्चा गावात झाली नाही. आत्या आमच्याबरोबर परत आली नाही. वाड्यावर राहिली, मेंढरांची पाच-सात पिल्लं पुन्हा पाळली. मी पुढं भेटायला गेले तेव्हा विचारलं, आता ऐकू येतं का? ती म्हणाली, "नाय बाय. तिचं सांगून झालं." वाड्यावरच्या बाया आता कुठून शेंदतात ते मी मुद्दाम बघायला गेले. चारी बाजूंनी शेंदत होत्या. पडक्या बाजूची ती जागा तेवढी मोकळी सोडत होत्या, गावच्याही आणि वाड्यावरच्याही.

काकांना मी सगळं जाऊन सांगितलं. "आमच्यात रीत होती," ते म्हणाले, "पण दर वेळी कुणी ऐकायचंच, असं नव्हतं हो." मग विचारलं, मंडपात किती माणसं होती? मी म्हटलं, शंभरेक असतील. ते म्हणाले, "म्हणजे दहा तरी झाली असतील." पुढं लेकीनं त्यांना ठाण्याला नेलं, आणि ते तिथंच गेले.

दोर आत्यानं आमच्याकडंच ठेवला. जिन्याखाली खिळ्याला तो अजून आहे. तिला ऐकू यायचं बंद झालं, त्याच वर्षी आबांना यायला लागलं. निवृत्तीनंतर दुपारी ते खुर्ची घेऊन हौदाजवळ बसत. मी विचारलं की म्हणत, गारवा असतो इथं. लोखंडी झाकणाजवळ उन्हाळ्यात कसला आलाय गारवा. त्यांचं म्हणणं त्यांनी मंडपात एकदा सांगितलं होतं, पण त्यांचं ऐकून संपलं नव्हतं, असं मला वाटतं. गेले त्या वर्षीही ते झाकणाशीच बसायचे.

आता ते मला ऐकू येतं. वर्षानुवर्षं मी चार हात लांबून गेले, प्लंबर बोलावले, पाइप बदलले. परवा दुपारी पुन्हा आवाज आला. नळाला पाणी येऊन बरेच दिवस झाले होते, हौद तळाला गेला होता, आवाज खोलातून आला. मी गेले, झाकण ओढून बाजूला केलं. आत काळोख आणि ओंजळभर पाणी. आयुष्यभर दुसऱ्यांना सोडलेलं वाक्य मी पहिल्यांदा स्वतः म्हटलं.

"बोल बाई. ऐकतेय."

म्हणताना एक गोष्ट कळली, जी आबांना तालमीत कळत होती आणि मला कळत नव्हती. हे वाक्य म्हणून झालं की जाता येत नाही. ऐकायला उभं राहावं लागतं. मी उभी राहिले, गुडघे भरून आले तरी. समोरच्यांनी गच्चीवरून विचारलं, काय हरवलं का हौदात? मी मान हलवली. नळ नाही म्हणून मागवलेला टँकर यायची वेळ झाली तरी मी झाकण लावलं नव्हतं.